वाहाकाची एक दिवसाची टूर: पहिल्यांदा जाणाऱ्यांनी काय, कधी, कसं करायचं

मेक्सिको म्हटलं की आपल्यातले बहुतेक जण कानकून गाठतात, समुद्र बघतात आणि परत येतात. समुद्र छानच आहे, पण तुम्हाला हातमाग, जुने दगडी वाडे, दीड हजार वर्षांचं झाड आणि डोंगराच्या कड्यावर दगड होऊन थिजलेला धबधबा हे सगळं एका दिवसात आणि जवळपास एकाच रस्त्यावर बघायचं असेल तर वाहाकाला जा. स्पेलिंग बघून लोक ओअक्साका म्हणतात, तिथे कुणाला कळत नाही, वाहाका म्हणा.

मी ही टूर दोनदा केलीये. पहिल्यांदा नवऱ्याबरोबर एका स्वस्तातल्या शेअरिंग व्हॅनमधून, आणि दुसऱ्यांदा आई-बाबा भारतातून आले होते तेव्हा त्यांना घेऊन. ठिकाणं तीच, रस्ता तोच, पण दोन्ही दिवसांत जमीन-अस्मानाचा फरक होता, आणि तो फरक फक्त बुकिंग करताना चार प्रश्न आधी विचारले म्हणून पडला. तेच सगळं इथे सांगतेय म्हणजे तुमचा पहिलाच दिवस आमच्या दुसऱ्या दिवसासारखा जाईल.

जायच्या आधी

व्हिसाचं आधी बघा. भारतीय पासपोर्टवर मेक्सिकोचा व्हिसा लागतो, पण तुमच्याकडे अमेरिका, कॅनडा, यूके, जपान किंवा शेंगेनचा चालू व्हिसा असेल किंवा तिथलं पर्मनंट रेसिडेन्स असेल तर वेगळा व्हिसा काढावा लागत नाही. आई-बाबा आमच्याकडे अमेरिकेला आले होते, त्यांच्या अमेरिकन व्हिसावरच ते आले. तरी तिकीट काढायच्या आधी मेक्सिकोच्या दूतावासाच्या साइटवर एकदा नियम वाचाच.

मेक्सिको सिटीहून वाहाका विमानाने तासाभरावर आहे, बसने साधारण साडेसहा-सात तास लागतात आणि बस चांगल्या असतात. गाव साधारण १,५५० मीटर उंचीवर, म्हणजे आपल्या महाबळेश्वरपेक्षाही उंच, त्यामुळे सकाळी गार आणि दुपारी ऊन चटके देणारं. पावसाळा साधारण जून ते सप्टेंबर. ऑक्टोबर ते एप्रिल कोरडं असतं, पण १ आणि २ नोव्हेंबरला मृतांचा सण असतो, त्या आठवड्यात हॉटेलं मिळत नाहीत आणि मिळाली तर भाव विचारू नका. जुलैमध्ये गेलागेत्सा नावाचा मोठा नाचगाण्यांचा उत्सव असतो, तेव्हाही तेच. शांतपणे बघायचं असेल तर मला जानेवारी-फेब्रुवारी बेस्ट वाटतो.

वार कुठला निवडायचा हाही प्रश्न येतो. रविवारी वाटेत त्लाकोलुला गावाचा आठवडी बाजार भरतो, आजूबाजूच्या गावांतून बायका रंगीत ओढण्या डोक्याला गुंडाळून माल घेऊन येतात, बघण्यासारखा आहे. पण रविवारी मेक्सिकन लोकांना पुरातत्त्वाच्या ठिकाणी फुकट प्रवेश असतो त्यामुळे मित्ला या जुन्या दगडी वाड्यांच्या ठिकाणी गर्दी, आणि बाजार धरला की बाकीचं काहीतरी सुटतंच. वयस्कर माणसं बरोबर असतील तर मधला वार घ्या.

बुकिंग करताना हे चार प्रश्न

गावातल्या मुख्य चौकाच्या, म्हणजे सोकालोच्या आसपास टूरवाल्यांची ढीगभर दुकानं आहेत. सगळ्यांच्या बोर्डवर तीच पाच नावं: तूलेचं झाड, तेओतित्लान गावचे गालिचे, मेस्काल या तिथल्या दारूची भट्टी, मित्ला आणि इएर्वे एल आग्वा, म्हणजे तोच दगडाचा धबधबा आणि वरची पोहायची कुंडं. त्यामुळे भाव बघून पटकन बुक करावंसं वाटतं, आम्हीही तेच केलं होतं. झालं असं की त्या व्हॅनने गालिच्यांच्या एका मोठ्या दुकानात सव्वा तास बसवलं, मग मेस्कालच्या दुकानात तासभर, मग बुफे, आणि इएर्वे एल आग्वाला पोचेपर्यंत चार वाजून गेले. तिथे चाळीस मिनिटं. कपडे बदलायच्या रांगेतच पंधरा मिनिटं गेली, मी पाण्यात पाय बुडवून परत आले आणि अख्ख्या परतीच्या वाटेवर मला रडू येत होतं, कारण एवढ्या लांब आपण परत कधी येणार असं वाटत होतं.

म्हणून आधी विचारा, क्रम कुठला? इएर्वे एल आग्वा पहिलं ठेवणारी टूर मिळाली तर थोडे जास्त पैसे द्या पण तीच घ्या. दुसरं, प्रत्येक ठिकाणी किती वेळ, आणि हे मिनिटांत सांगायला सांगा, "भरपूर वेळ असतो" याला उत्तर म्हणायचं नाही. तिसरं, पैशात काय काय धरलंय? बहुतेक टूरमध्ये फक्त गाडी आणि गाइड असतात, प्रवेश फी आणि जेवण वेगळं, इएर्वे एल आग्वाच्या रस्त्यावर गावकऱ्यांची नाक्याची फी असते तीही वेगळी. चौथं, गाइड कुठल्या भाषेत बोलणार? दोन भाषांतली टूर असेल तर प्रत्येक गोष्ट दोनदा सांगितली जाते म्हणजे तुमच्या वाट्याला अर्धीच माहिती येते. चांगल्या गाइडच्या गळ्यात सरकारी ओळखपत्र असतं, ते आहे का बघा.

चार-पाच जण असाल तर प्रायव्हेट गाडी आणि गाइड घ्या, माणशी हिशोब केला तर शेअरिंगपेक्षा फार महाग पडत नाही आणि क्रम तुमच्या हातात राहतो. आणि पाच ठिकाणांतलं एखादं सोडून द्यायची मनाची तयारी ठेवा. हे मी अगदी कळकळीने सांगतेय, पाच ठिकाणं धावत बघण्यापेक्षा चार नीट बघितलेली घरी गेल्यावर आठवतात.

आदल्या रात्री बॅग

पेसो, तेही सुट्टे. कार्ड जवळपास कुठे चालत नाही आणि ५०० ची नोट कुणी मोडून देत नाही. नवीन माणसाचा एक गोंधळ हमखास होतो, मेक्सिकोत पेसोलाही डॉलरचंच चिन्ह वापरतात, बाबांनी टॉयलेटच्या दारावरची पाटी बघून "पाच डॉलर?" म्हणून हातच मागे घेतला होता, ते पाच पेसो होते. टॉयलेटला कागद आपला न्यावा आणि वापरलेला कागद बाजूच्या डब्यात टाकायचा, भांड्यात नाही. स्विमसूट आतूनच घालून निघा, टॉवेल, घट्ट पट्ट्याच्या चपला, टोपी, पूर्ण बाह्यांचा पातळ शर्ट, माणशी दोन लिटर पाणी. पाण्यात उतरणार असाल तर सनस्क्रीन थापून उतरू नका, ते कुंडातलं साठलेलं पाणी आहे, शर्ट आणि टोपीवर भागवा.

शाकाहारी असाल तर खायचं थोडं बरोबर घ्या. आईने दशम्या आणि लसणाची चटणी घेतली होती, गाइडनेही खाल्ली.

सकाळ: इएर्वे एल आग्वा

दुसऱ्या वेळी, आई-बाबांबरोबर, आम्ही साडेसातला निघालो. गावापासून साधारण ७० किलोमीटर, शेवटचा भाग वळणावळणाचा घाट, ज्यांना गाडी लागते त्यांनी गोळी आधी घ्या. नऊच्या सुमाराला पोचलो तेव्हा आमच्याशिवाय दोनच गाड्या होत्या.

नावाचा अर्थ "पाणी उकळतंय", पण पाणी गरम नाही हं, कोमटही म्हणता येणार नाही. जमिनीतून झऱ्याचं पाणी बुडबुडे काढत वर येतं म्हणून उकळल्यासारखं दिसतं. त्या पाण्यात चुन्याचे क्षार खूप, पाणी कड्यावरून खाली झिरपतं, वाळतं, क्षार मागे राहतात, आणि हे हजारो वर्षं चालू राहिल्यामुळे कड्यावरून पांढराशुभ्र दगडाचा धबधबाच लटकलेला दिसतो. आपल्या नळाच्या तोटीवर पांढरा थर धरतो ना, तीच गोष्ट डोंगराएवढी. असे दोन आहेत, लहान आणि मोठा. लहान कड्यावर वरती झरे आणि पोहायची कुंडं आहेत, आणि ही मोठी कुंडं माणसाने बांधलेली आहेत. तिथून समोर मोठा धबधबा दिसतो आणि खाली सगळी दरी.

फोटो सगळे कुंडाचेच काढतात, पण तुम्ही जमिनीकडे बघा. दगडात कोरलेले बारीक पाट दिसतील, या भागातल्या मूळच्या झापोटेक लोकांनी साधारण २,५०० वर्षांपूर्वी हे झऱ्याचं पाणी पायऱ्यापायऱ्यांच्या शेतांत फिरवलं होतं त्याच्या खुणा. आमचे बाबा सिंचन खात्यातून रिटायर झालेत, ते पोहायचं सोडून त्या पाटाचा उतार बघत उकिडवे बसले होते, त्यांना तिथून उठवायला मला दोनदा हाका माराव्या लागल्या.

कड्याला कठडा नाही आणि पांढरा दगड ओला असला की घसरतो, लहान मुलांचा हात सोडू नका. खाली धबधब्याच्या पायथ्याला जायची पायवाट आहे, सुरेख आहे, पण परत वर चढताना दम निघतो, तास-सव्वा तास हाताशी असेल आणि गुडघे ठीक असतील तरच. एकूण इथे दोन तास ठेवा.

ही जागा स्थानिक गावांच्या ताब्यात आहे आणि हक्कावरून त्यांच्यात वाद होत आलेत. २०२१ मध्ये तर ती कित्येक महिने बंद होती. म्हणून आदल्या दिवशी हॉटेलवाल्याला फोन करून उघडी आहे का विचारायला सांगा. नाक्यावर फी मागितली तर हुज्जत न घालता द्या, जागा त्यांची आहे, पावती घ्या.

मित्ला

परत येताना साधारण पाऊण तासावर मित्ला. मोंते आल्बान ही झापोटेकांची मोठी डोंगरावरची नगरी, ती ओसरल्यावर मित्लाचं महत्त्व वाढलं. नाव आलंय मिक्त्लानवरून, म्हणजे मृतांची जागा, झापोटेक लोक तिला विसाव्याची जागा म्हणायचे. पिरॅमिड बघायला मिळतील या अपेक्षेने जाऊ नका. हे वाडे आहेत, बुटके, चौक असलेले, आणि सगळी गंमत त्यांच्या भिंतीत आहे.

भिंतीजवळ जा. लांबून ती नक्षी कोरलेली वाटते, पण जवळून बघितलं की कळतं एकेक चिमुकला दगड वेगळा घडवून, घासून, शेजारच्या दगडात बसवलाय. असे हजारो तुकडे, मध्ये चुना भरलेला नाही. नागमोडी, पायऱ्यापायऱ्यांच्या, भोवऱ्यासारख्या नक्षीच्या पट्ट्याच पट्ट्या. आईने लांबूनच म्हटलं, "ही तर काठाची डिझाइन आहे," आणि संध्याकाळी तेओतित्लानला गालिच्यावर तीच नक्षी विणलेली दिसली तेव्हा तिला कोण आनंद झाला. म्हणूनच म्हणते मित्ला आधी आणि विणकर नंतर बघा, उलट केलं तर हा धागा हातातून सुटतो.

सहा अखंड दगडी खांबांचा एक दालन आहे तो बघा, आणि खाली दोन थडगी आहेत, उघडी असतील तर वाकून उतरावं लागतं, पाठीचा त्रास असेल तर सोडा. मागे लाल घुमटांचं चर्च दिसतं, ते स्पॅनिश लोकांनी १६व्या शतकात जुन्या वास्तूवरच, तिथलेच दगड वापरून बांधलं. तासभर पुरतो. डोक्यावर सावली नाही.

जेवण आणि मेस्काल

टूरवाले बुफेला नेतात. आधीच सांगून ठेवा की आम्ही मेन्यूवरून मागवू किंवा साध्या खानावळीत, कोमेदोरमध्ये जाऊ. तिथे बायका मोठ्या मातीच्या तव्यावर, कोमालवर, मक्याच्या पोळ्या, म्हणजे तोर्तिया, भाजत असतात, मका चुन्याच्या पाण्यात शिजवून वाटलेला असतो, आणि कोपऱ्यात वाटायला आपल्या पाटा-वरवंट्यासारखाच मेताते दिसेल. भोपळ्याच्या फुलांची केसादिया मागवा, आत धाग्यासारखं सुटणारं केसियो चीज. तलायुदा म्हणजे भाकरीएवढी मोठी कुरकुरीत तोर्तिया, वर घेवड्याची पेस्ट, कोबी, चीज.

शाकाहारींनी इथे नीट लक्ष द्या. तलायुदावर आधी आसिएन्तो लावतात, ती डुकराची चरबी असते. घेवडाही बऱ्याचदा चरबीत परततात. मोले नावाचा काळा घट्ट रस्सा चिकनच्या पाण्यात केलेला असतो. नुसतं "सिन कार्ने", म्हणजे मटण नको, म्हणून भागत नाही, "सिन आसिएन्तो, सिन मान्तेका, सिन काल्दो दे पोयो" (आसिएन्तो नको, चरबी नको, चिकनचं पाणी नको) असं कागदावर देवनागरीत लिहून न्या आणि वाचून दाखवा. चापुलिनेस म्हणजे भाजलेले नाकतोडे, ते वरून भुरभुरतात, तेही विचारून घ्या. प्यायला आग्वा दे हामाइका मागवा, लाल अंबाडीच्या फुलांचं सरबत, आणि चिंचेचंही मिळतं.

जेवणानंतरच मेस्काल, रिकाम्या पोटी नको. भट्टीला तिथे पालेंके म्हणतात आणि सान्तियागो मातात्लानच्या आसपास त्या भरपूर आहेत. झाड आपल्या ओळखीचं आहे, घायपात! आपल्याकडे बांधावर लावतात त्याच कुळातलं, मूळ गावच त्याचं मेक्सिको. एस्पादिन जातीचं घायपात तयार व्हायला सात-आठ वर्षं लागतात, मग पानं छाटून मधला गड्डा जमिनीतल्या खड्ड्यात तापलेल्या दगडांवर मातीखाली काही दिवस भाजतात, घोड्याने ओढायच्या दगडी चाकाखाली चिरडतात, लाकडी पिंपात आंबवतात आणि तांब्याच्या भांड्यात दोनदा गाळतात. धुराचा वास त्या खड्ड्यातून येतो. न पिणाऱ्यांनीही हे बघायला जावं, आई-बाबा पीत नाहीत तरी त्यांना खड्डा आणि ते चाक फार आवडलं. पिणार असाल तर एका घोटात ओतू नका, ओठ टेकवून टेकवून घ्यायचं. बरोबर संत्र्याची फोड आणि लालसर मीठ देतात, त्या मिठात घायपातावरच्या अळ्या वाळवून कुटलेल्या असतात. न खाणाऱ्यांनी साधं मीठ मागा.

तेओतित्लान: इथे घाई नको

दुकानाऐवजी एखाद्या घरी चालणाऱ्या मागावर न्या, असं गाइडला सकाळीच सांगा. मोठ्या दुकानांत गाइडला कमिशन मिळतं, म्हणून तो आपणहून नेईलच असं नाही, पण आग्रह धरला तर नेतो. बायकांच्या सहकारी संस्थाही आहेत गावात.

आम्ही ज्या घरी गेलो तिथल्या बाईंनी आईच्या तळहातावर राखाडी कण ठेवले, तांदळाच्या कण्यांएवढे. हे कोचिनिया किडे, निवडुंगावर वाढतात, वाळवून ठेवतात. अंगठ्याने चिरडले आणि आईचा तळहात गडद लाल. मग वर लिंबू पिळलं, तर रंग उजळून केशरी लाल झाला. मग चिमूटभर चुना, आणि डोळ्यांदेखत जांभळा. आई एकदम म्हणाली, "अगं, हळदीत चुना कालवला की कुंकवाचा लाल होतो, तसंच आहे हे!" मी मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये सांगितलं, तर त्या बाई आत जाऊन खरंच हळदीसारखं पिवळं काहीतरी घेऊन आल्या, पेरिकोन नावाची झेंडूच्या कुळातली फुलं, त्यांच्याकडचा पिवळा रंग तो. निळा रंग निळीचा. दोघी अर्धा तास एकमेकींना रंग दाखवत होत्या, भाषा एकीची दुसरीला येत नव्हती.

एक पौंड वाळलेल्या मालाला साधारण ७०,००० किडे लागतात. स्पॅनिश राजवटीत चांदीच्या खालोखाल या रंगाची निर्यात होती. ईस्ट इंडिया कंपनीलाही हा धंदा भारतात करायचा होता, पण त्यांनी ब्राझीलहून आणला तो किडा भलत्याच जातीचा निघाला. जैन किंवा कट्टर शाकाहारी असाल तर लाल गालिचा घेताना हे माहीत असू द्या, आणि पिवळा किंवा निळा घ्या.

घ्यायचा असेल तर उलटून मागची बाजू बघा, हाताने विणलेला दोन्हीकडून सारखाच दिसतो. कडेचा एक धागा मागून जाळून बघायला सांगा, लोकर असेल तर केस जळाल्यासारखा वास येतो आणि राख होते, कृत्रिम असेल तर वितळून गोळी होते. खरे विणकर आनंदाने दाखवतात. भाव थोडाफार कमी होतो, पण अर्ध्या किमतीची घासाघीस करू नका, मध्यम गालिच्यालाही आठवड्यांचं काम असतं.

शेवटी तूलेचं झाड

संध्याकाळच्या उन्हात जा, व्हॅनची गर्दी सकाळीच होऊन गेलेली असते. हा आहुएहुएते, सायप्रसच्या कुळातला, जगातला सगळ्यात जाड बुंधा म्हणून ओळखला जातो, घेर साधारण ४२ मीटर धरतात. पूर्वी लोकांना वाटायचं की ही दोन-तीन झाडं एकत्र वाढलीत, पण डीएनए तपासणीत झाड एकच निघालं. त्याच्यापुढे शेजारचं चर्च खेळण्यातलं दिसतं. गावातली मुलं आरशाने ऊन पाडून खोडातले मगर, हत्ती, सिंह दाखवतात, त्यांना थोडे पेसो द्या आणि सगळे प्राणी बघा. अर्धा तास पुरे. इथून शहर फक्त दहा-एक किलोमीटर, सातच्या आत हॉटेलवर.

उतरताना गाइड आणि ड्रायव्हर दोघांना वेगवेगळी टिप हातात द्या, एकाकडे दिली तर वाटणी होतेच असं नाही. आणि गालिचा सूटकेसमध्ये घडी घालून कोंबू नका, नक्षी आतल्या बाजूला ठेवून गुंडाळा, वरून जुनी चादर, आणि घरी आल्यावर धुवायचाच झाला तर गार पाण्यात, सावलीत आडवा पसरून वाळवा.